आकड्यामागची बाई



हा अंक बाईच्या श्रमाविषयी आहे. ऊसतोड, विडीकाम, घरकाम, कचरावेच, अंगणवाडी अशा कामांवरचे लेख तुम्हांला पुढच्या पानांत वाचायला मिळतील. या यादीत मी आणखी एका कामाची भर घातली, तेव्हा संपादक मंडळात थोडी चुळबुळ झाली. एका अमेरिकन नटीविषयी लिहावे असे मी सुचवले होते. तिने नायिका म्हणून दोनच चित्रपट केले. दोन्ही १९७४ सालचे, दोन्ही अंगप्रदर्शनावर चालणारे आणि दोन्ही अगदी सुमार. 'श्रमाच्या अंकात ही कशाला?' हा प्रश्न रास्त आहे. या संपादकीयात त्याचेच उत्तर द्यायचा प्रयत्न करते.

जाहिरातीत तिचे नाव होते चेस्टी मॉर्गन. 'चेस्टी' म्हणजे जवळजवळ 'छातीवाली'. कोपऱ्यावर टोळके करून उभ्या असलेल्या पोरांनी जाणाऱ्या मुलीला ठेवावे तसले हे नाव. ते तिच्या पोस्टरवर मोठ्या अक्षरांत छापले जाई आणि शेजारी एक आकडा असे, त्र्याहत्तर. तिच्या छातीचे हे माप, इंचांत. दुसऱ्या चित्रपटाच्या तर नावातच हा आकडा घातला होता, 'डबल एजंट ७३'. या बाईचे खरे नाव लिलियाना विल्चकोव्स्का. इथून पुढे मी तिला लिलियाना म्हणणार आहे. बाजाराने दिलेल्या नावाने तिला हाका मारणारे पुष्कळ झाले.

लिलियानाचा जन्म १९३७ साली पोलंडमध्ये एका ज्यू कुटुंबात झाला. ती दोन वर्षांची असताना जर्मन फौजा पोलंडमध्ये घुसल्या. पुढे काय झाले ते आपण इतिहासात वाचले आहे. त्या नरसंहारात तिचे आईवडील गेले. पोरकी मुलगी इस्रायलमध्ये वाढली. अमेरिकेत राहणाऱ्या एका माणसाशी लग्न करून ती न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात आली. संसार सुरू झाला, दोन मुली झाल्या. १९६५ साली नवऱ्याच्या दुकानावर दरोडा पडला आणि त्यात त्याचा खून झाला. तेव्हा तिने तिशीही गाठली नव्हती.

माहेर राखेत गेलेले, देश परका, भाषा बोलताना उच्चारांवरून लोक ओळखणार, पदरात दोन मुली आणि कमावता माणूस गेलेला. अशी बाई आपल्या समुपदेशन केंद्रात आली तर आपण तिला काय विचारू? शिक्षण किती, सासरचे कोणी आधार देतील का, हाताला कुठले काम येते, मुलींच्या शाळेचे काय. आम्हांला समाजकार्याच्या शिक्षणात हेच शिकवले आणि ते योग्यच आहे. बाजाराने मात्र तिला यातले काहीच विचारले नाही. बाजाराने तिच्या देहाकडे पाहिले आणि भाव सांगितला. १९७० नंतरच्या वर्षांत ती रात्रीच्या क्लबांमधून कपडे उतरवण्याचे नाच करू लागली. शहराशहरांतून दौरे, आज इथे तर उद्या तिथे. हे काम करायला तिला कोणी बांधून नेले नव्हते. तिने ते स्वीकारले. पण समोर किती वाटा होत्या आणि त्यांतल्या किती तिच्यासाठी उघड्या होत्या, हे विचारल्याशिवाय 'स्वीकारले' या शब्दाला काही अर्थ राहत नाही.

हे दोन चित्रपट ज्या जातकुळीचे आहेत त्याला अमेरिकेत 'सेक्स्प्लॉइटेशन' म्हणत. गंमत अशी की हा शब्द कोणा टीकाकाराने शिवी म्हणून दिलेला नाही, तो धंद्याच्याच बोलीतून आलेला आहे. कुतूहल जागे करील असा विषय उचलायचा, भडक पोस्टर लावायचे आणि प्रेक्षकाच्या उत्सुकतेतून पैसा काढायचा, याला चित्रपटाच्या धंद्यात 'एक्सप्लॉइट' करणे म्हणत. त्यात 'सेक्स' मिसळला की हा शब्द तयार. शोषण या अर्थाची लाज त्यात नव्हती. शेतकऱ्याने विहिरीचे पाणी उपसावे तसे उपसणे, एवढाच अर्थ त्यांच्या मनात होता. पाण्याला कोणी विचारत नाही.

या चित्रपटांना वाट कशी मिळाली तेही समजून घेऊ. १९५७ साली न्यूयॉर्क राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने नग्नतावाद्यांच्या वसाहतीवरच्या 'गार्डन ऑफ ईडन' या चित्रपटाच्या बाजूने निकाल दिला. नुसती नग्नता म्हणजे अश्लीलता नव्हे, असा त्या निकालाचा मतितार्थ. त्याबरोबर कमी पैशांत, चार-आठ दिवसांत उरकलेल्या असल्या चित्रपटांची लाट आली. प्रत्यक्ष संभोग दाखवायचा नाही आणि बाकी होईल तेवढे दाखवायचे, ही त्यांची चौकट होती. १९७२ साली 'डीप थ्रोट' आला आणि ही चौकट मोडली. सगळेच दाखवणारे चित्रपट उघड थिएटरांत लागू लागले. इकडे हॉलीवूडचे मोठे चित्रपटही बऱ्यापैकी नग्नता दाखवू लागले होते. १९७३ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने मिलर खटल्यात अश्लीलतेची कसोटी स्थानिक समाजाच्या मापावर सोपवली, त्यामुळे कुठल्या गावात खटला भरला जाईल याचाही भरवसा राहिला नाही. या कात्रीत सापडलेल्या छोट्या निर्मात्यांना काहीतरी नवे, जगावेगळे हवे होते. ते त्यांना लिलियानाच्या देहात सापडले. तिची कारकीर्द इतकी आखूड का, याचे निम्मे उत्तर इथेच आहे. तिला घेतले तेच मुळी बुडत्या धंद्याने आणि काडीसारखे घेतले.

आता या गोष्टीतला मला सर्वांत अस्वस्थ करणारा भाग. हे दोन्ही चित्रपट एका बाईने काढले. डोरिस विशमन. जन्म १९१२, न्यूयॉर्कचा. नवरा अकाली गेला. त्या दुःखात हाताला काम हवे म्हणून बहिणीकडून उसने पैसे घेऊन तिने चित्रपट काढायला सुरुवात केली. तिचा पहिला चित्रपट १९६० सालचा. ज्या काळात अमेरिकेत बाई दिग्दर्शक म्हणून उभीच राहू दिली जात नव्हती, त्या काळात या बाईने स्वतः लिहून, स्वतः पैसा उभारून, स्वतः संकलनावर बसून एकामागून एक चित्रपट पुरे केले. मोठ्या कंपन्यांनी तिला दारात उभे केले नसते. जे दार उघडे होते ते या असल्या चित्रपटांचे. म्हणजे पाहा, नवरा गेल्यावर पोटापाण्याच्या आणि मनाच्या गरजेपायी याच धंद्यात आलेल्या दोन बाया. एक कॅमेऱ्याच्या मागे, एक कॅमेऱ्याच्या पुढे.

'डेडली वेपन्स' या पहिल्या चित्रपटाची गोष्ट दोन ओळींत सांगता येते. नायिकेच्या प्रियकराला गुंड मारून टाकतात. ती एकेका गुंडाला गाठते आणि आपल्या छातीखाली गुदमरवून मारते. ज्या बाईच्या नवऱ्याचा नऊ वर्षांपूर्वी खरोखर खून झाला, तिच्याकडून हा सूड करवून घेतला आणि प्रेक्षकांनी त्यावर हसायचे अशी योजना केली. दुसऱ्या चित्रपटात ती गुप्तहेर आहे. तिच्या स्तनात शस्त्रक्रिया करून कॅमेरा बसवलेला आहे. शत्रूचा फोटो काढायचा तर प्रत्येक वेळी छाती उघडी करायची. हे वाचून तुम्हांला हसू येईल, रागही येईल. मला मात्र यात या धंद्याची कबुली दिसते. बाईचा देह हेच हत्यार, बाईचा देह हाच कॅमेरा. बाईला स्वतःला काय दिसते, हे कोणी विचारायचे नाही.

आणि तिचा आवाज? तो या चित्रपटांत नाहीच. विशमनबाईंची काम करण्याची रीत अशी की चित्रीकरण मुके करायचे, पैसा वाचवायचा आणि आवाज नंतर भरायचे. बोलणाऱ्याचे ओठ जुळणार नाहीत म्हणून मधूनच कॅमेरा बूट, भिंत, टेबलावरची वस्तू असे काहीबाही दाखवतो. लिलियानाच्या बोलण्यात पोलिश वळण होते, म्हणून तिच्या तोंडी दुसऱ्याच बाईचा आवाज घातला. देह तिचा, आवाज भाडोत्री. पोलंडमधून निघून, इस्रायलमध्ये वाढून, ब्रुकलिनमध्ये संसार केलेल्या बाईच्या जिभेवर तिचा सगळा प्रवास होता. तोच नेमका कापून टाकला.

पहिल्या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत तिला 'झाझा' असे नाव दिले आहे. दुसऱ्या चित्रपटानंतर दोघींचे काम थांबले. १९७५ साली विशमनबाईंनी त्याच मालिकेतला पुढचा चित्रपट काढला, तो लिलियानाशिवाय. कथेतच त्या गुप्तहेर बाईचा खून झालेला दाखवला आणि तिच्या तीन मुलींना पुढे आणले. हरहुन्नरी दिग्दर्शिकेने वेळ निभावून नेली म्हणायचे. पण नायिका किती सहज बदलता येते, हेही त्यात आले. पुढे इटलीचा नामांकित दिग्दर्शक फेलिनी याने 'कॅसानोव्हा' या १९७६ सालच्या चित्रपटात तिच्यावर एक प्रसंग चित्रित केला आणि शेवटी कापून टाकला. चित्रपटातली तिची कारकीर्द तिथे संपली. नाचाचे दौरे मात्र पुढे कितीतरी वर्षे चालू राहिले. पडदा दोन वर्षांत तिला विसरला. पण पोट दोन वर्षांत भरून संपत नाही.

आता हिच्याकडे कोणी कसे पाहिले ते बघू, कारण आपल्याला शिकण्यासारखे आहे ते तिथेच.

पहिले नीतिरक्षक. त्यांच्या लेखी ती अश्लीलता. दृश्य दाखवायचे की नाही, कापायचे किती, एवढाच वाद. दृश्यात उभ्या असलेल्या बाईला पैसे किती मिळाले, करारात काय होते, तिला वाचता येईल अशा भाषेत तो होता का, एखादे दृश्य नको म्हणायची सोय होती का, याची कुठल्याही कोर्टात चर्चा झाली नाही.

दुसरे अभिव्यक्तिस्वातंत्र्याचे कैवारी. 'डेडली वेपन्स'मध्ये तिच्याबरोबर हॅरी रीम्स नावाचा नट होता. 'डीप थ्रोट'मध्येही तोच होता. त्या चित्रपटावरून मेम्फिस शहरात त्याच्यावर खटला झाला, १९७६ साली तो दोषी ठरला. जॅक निकल्सन, वॉरन बीटी यांच्यासारखे मोठे नट त्याच्या बाजूने उभे राहिले. पुढच्या वर्षी त्याची शिक्षा रद्द झाली. ते ठीकच झाले, नटाला तुरुंगात घालणे हा काही उपाय नव्हे. पण त्याच चित्रपटातल्या लिंडा बोरमन या बाईला आपल्यावर काय झाले ते सांगायला १९८० साल उजाडावे लागले. नवऱ्याने मारहाण करून, धाक दाखवून आपल्याकडून हे काम करवून घेतले, असे तिने आपल्या आत्मकथनात लिहिले. स्वातंत्र्याच्या लढाईत तोवर तिला साक्षीला बोलावण्याची कोणाला गरज वाटली नव्हती.

तिसऱ्या आपल्याच परदेशी मैत्रिणी. १९७९ साली न्यूयॉर्कमध्ये पोर्नोग्राफीविरोधी स्त्रियांची संघटना उभी राहिली. १९८३ साली आंद्रेया ड्वॉर्किन आणि कॅथरिन मॅकिनन यांनी मिनियापोलिस शहरासाठी एका कायद्याचा मसुदा केला. पोर्नोग्राफी हा स्त्रीच्या नागरी हक्कांवरचा घाला आहे आणि जिला इजा झाली तिला भरपाई मागता यावी, अशी त्यांची मांडणी होती. याला दुसऱ्या स्त्रीवाद्यांनी तितक्याच हिरिरीने विरोध केला. हा कायदा उद्या समलिंगी स्त्रियांच्या पुस्तकांवर आणि आपल्याच लिखाणावर उलटेल, असे त्यांचे म्हणणे. दोन्ही बाजूंत मोठ्या ताकदीच्या बाया होत्या आणि दोन्ही बाजूंचे म्हणणे आजही अभ्यासण्यासारखे आहे. पण लिलियाना या दोन्ही चौकटींत नीट बसत नाही. ती कोणाच्या कैदेत होती असा पुरावा नाही, म्हणून ती निव्वळ बळी नव्हे. आणि पोरक्या, विधवा, स्थलांतरित बाईच्या निवडीला 'मुक्ती' म्हणणे ही तर थट्टाच. ती कामकरी बाई होती. एवढे साधे वाक्य म्हणायला दोन्ही बाजूंना जड गेले.

चौथे आजचे रसिक. विशमनबाईंना उतारवयात, १९९० नंतर, चित्रपट महोत्सवांतून आणि अभ्यासकांकडून मान मिळू लागला. २००२ साली त्या वारल्या तेव्हा वर्तमानपत्रांनी त्यांची दखल घेतली. बाई दिग्दर्शक म्हणून त्यांचे कष्ट मोजले गेले याचा मला आनंदच आहे. पण त्याच लेखांत लिलियाना येते ती विनोद म्हणून, पुन्हा त्याच आकड्यासह. दिग्दर्शिकेला इतिहासात जागा आणि नटीला माप. कॅमेऱ्यामागे बाई आली की कॅमेऱ्यापुढच्या बाईचे प्रश्न आपोआप सुटतात, असे ज्यांना वाटते त्यांनी हे दोन चित्रपट आठवावेत. कॅमेरा धरणारा हात बाईचा असला, तरी पैसा कुठून येतो आणि तिकीट कोण काढतो, यावर कॅमेऱ्याची नजर ठरते.

'हे सगळे अमेरिकेतले झाले, आपल्याला त्याचे काय?' असे तुम्ही विचाराल. आपल्याकडे विठाबाई नारायणगावकर होऊन गेल्या. दिवस भरलेले असताना बोर्डावर नाचल्या, खेळ चालू असतानाच मागे जाऊन बाळंत झाल्या आणि पुन्हा प्रेक्षकांपुढे उभ्या राहिल्या. ही कथा महाराष्ट्रात कौतुकाने सांगितली जाते. २००२ साली त्या गेल्या त्या हलाखीत. त्यांच्यामागे राज्य सरकारने त्यांच्या नावाचा जीवनगौरव पुरस्कार सुरू केला. बाईच्या सोसण्याला पुरस्कार आणि बाईच्या कामाला सुट्टी नाही, मजुरीची हमी नाही, म्हातारपणाची सोय नाही. लिलियाना आणि विठाबाई यांची बरोबरी मी करत नाही. विठाबाई थोर कलावंत होत्या, परंपरा घेऊन आलेल्या. पण 'बाई लोकांपुढे देह घेऊन उभी राहते' या एका कारणाने तिच्या श्रमाचा हिशेब कसा पुसला जातो, ते दोन्हीकडे सारखेच दिसते.

कायद्याचेही तसेच. आपल्याकडे १९८६ साली स्त्रियांचे असभ्य प्रदर्शन रोखण्याचा कायदा झाला. त्यातली व्याख्या एकदा नीट वाचा. स्त्रीचा अवमान करणारे चित्रण आणि सार्वजनिक नीतीला बाधा आणणारे चित्रण, या दोन गोष्टी त्यात एकाच वाक्यात बसवल्या आहेत. या दोन गोष्टी एक नव्हेत. बाईचा अवमान अंगभर साडीतही होतो, रोजच्या मालिकांत आपण तो पाहतोच. आणि नीतीच्या नावाने पहिली उचलली जाते ती बहुधा बाईच. पोस्टरमधल्या बाईचे हक्क काय, याविषयी हा कायदा अवाक्षर काढत नाही.

डान्सबारबंदीच्या वेळी हे आपण अगदी जवळून पाहिले. २००५ साली महाराष्ट्र सरकारने बारमधल्या नाचावर बंदी घातली आणि तारांकित हॉटेलांना मात्र सूट दिली. उच्च न्यायालयाने २००६ साली ही बंदी रद्द केली. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली तो निकाल कायम केला. त्यानंतर सरकारने २०१४ आणि २०१६ साली पुन्हा कायदे केले आणि त्यांतल्या बऱ्याच जाचक अटी २०१९ साली सर्वोच्च न्यायालयाने काढून टाकल्या. या चौदा वर्षांत चळवळीतही तट पडले. काहीजणींना बंदी हवी होती, काहीजणी बारमधल्या बायांच्या रोजगाराच्या बाजूने उभ्या राहिल्या. त्या वादात एक काम फार मोलाचे झाले. एसएनडीटी विद्यापीठाचे स्त्री अभ्यास केंद्र आणि 'फोरम अगेन्स्ट ऑप्रेशन ऑफ विमेन' यांनी बारमध्ये काम करणाऱ्या बायांशीच बोलून अहवाल काढले. त्यांच्या घरात खाणारी तोंडे किती, पैसा कुठे जातो, त्यांना स्वतःला काय हवे, हे पहिल्यांदा कागदावर आले. मतभेद त्याने मिटले नाहीत. पण तिच्याविषयी तिला विचारल्याशिवाय ठरवायचे नाही, एवढी रीत तरी पडली.

ही रीत किती गरजेची आहे ते मला रोजच्या कामात दिसते. केंद्राच्या नोंदवहीत 'व्यवसाय' असा एक रकाना असतो. नवऱ्याच्या मारहाणीची तक्रार घेऊन आलेली बाई तो भरताना थबकते. 'शिवणकाम' असे सांगते. तीन-चार भेटींनंतर कळते की ती लग्नाच्या वरातीपुढच्या ऑर्केस्ट्रात नाचते किंवा गाण्यांच्या चित्रीकरणात मागच्या रांगेत उभी असते. हे लपवायचे कारण तिला चांगले ठाऊक असते. पोटगीचा दावा असो की मुलाच्या ताब्याचा, 'ही नाचते' हे एक वाक्य उच्चारले की समोरच्या टेबलापलीकडचा सूर बदलतो. मार खाल्लेला देह तोच, पण तो लोकांनी पाहिलेला आहे म्हणून त्याच्या दुखण्याची किंमत कमी. मारणारा मात्र कुठल्याच रकान्यात थबकत नाही. त्याच्या कमाईत तिच्या नाचाचे पैसे असतात, हेही कोणी लिहीत नाही.

म्हणून मला वाटते, आपली मागणी आपण नव्या शब्दांत मांडली पाहिजे. १९८० च्या दशकात आपल्या आधीच्या कार्यकर्त्यांनी बीभत्स पोस्टरांना काळे फासले. तो राग खरा होता आणि आजही खरा आहे. रस्त्याने जाणाऱ्या प्रत्येक बाईला ते पोस्टर काहीतरी सांगत असते, आणि ते चांगले नसते. पोस्टरला विरोध करायचा तर करूच. पण त्याच वेळी पोस्टरमधल्या बाईच्या बाजूने चार प्रश्नही विचारू. करार लेखी आहे का आणि तो तिला वाचून दाखवला का? काय करायचे आणि काय करायचे नाही, हे कामाआधी ठरले का, आणि ऐन वेळी 'नको' म्हणण्याचा हक्क तिला आहे का? कपडे बदलायला जागा, लघवीला आडोसा, रात्री घरी जायला गाडी आहे का? तिचे चित्र पुढे कुठे, किती वर्षे वापरले जाणार आणि त्यातले तिला काय मिळणार?

हे प्रश्न कोणाला क्षुल्लक वाटत असतील तर त्यांनी केरळचा हेमा समितीचा अहवाल पाहावा. २०१७ साली एका अभिनेत्रीवर हल्ला झाला, तिच्या मैत्रिणी संघटित झाल्या आणि त्यांच्या मागणीवरून ही समिती नेमली गेली. २०१९ साली अहवाल तयार झाला आणि २०२४ च्या ऑगस्टपर्यंत सरकारदरबारी पडून राहिला. तो बाहेर आला तेव्हा लैंगिक छळाच्या मोठ्या गोष्टींबरोबर त्यात याच साध्या गोष्टी होत्या. स्वच्छतागृह नाही, कपडे बदलायला जागा नाही, लेखी करार नाही, मजुरीत भेद. छळ आभाळातून पडत नाही. जिथे बाईच्या कामाला काम म्हणत नाहीत, तिथे तो रुजतो.

आणि आज तर पडदा प्रत्येकाच्या खिशात आहे. लिलियानाचे चित्रपट चार थिएटरांत लागून डब्यात गेले असते. आता ते केव्हाही, कोणीही पाहू शकतो. आपल्या वस्तीतल्या मुलींच्या चित्रफितींचेही तेच आहे. काम दोन दिवसांचे, चित्र जन्मभराचे. २०२१ च्या माहिती तंत्रज्ञान नियमांनुसार अशा खासगी चित्रांविषयी बाईने तक्रार केली तर ती ठरावीक मुदतीत काढून टाकण्याचे बंधन आता संबंधित कंपन्यांवर आहे. दहांहून कमी कामगार असतील तिथल्या लैंगिक छळाची तक्रार २०१३ च्या कायद्याखाली जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे करता येते. चित्रीकरणाचे काम उपकंत्राटावर चालते, त्यामुळे ही सोय फार उपयोगाची आहे. आपल्या गटांत किती जणींना हे ठाऊक आहे? आपल्या जिल्ह्याची समिती कुठे बसते, तिच्या सदस्य कोण आहेत, हे आपण कधी जाऊन विचारले आहे का?

माझी प्रत्येक गटाला एक विनंती आहे. पुढच्या तीन महिन्यांत एका बैठकीत हा विषय घ्या. आपल्या भागात ऑर्केस्ट्रात, तमाशात, जत्रेच्या तंबूत, मोबाइलवरच्या चित्रफितींत काम करणाऱ्या बाया असतील, त्यांना बोलवा. त्या येणार नसतील तर त्यांच्या सोयीच्या वेळी त्यांच्याकडे जा. सल्ला द्यायची घाई करू नका. त्यांच्या कामाचे तास, मजुरी, प्रवास, मुलांना कोणाकडे ठेवतात, हे आधी ऐका आणि त्यांची परवानगी असेल तेवढेच, त्यांची नावे न घालता, आम्हांला लिहून पाठवा. 'असले काम बंदच व्हायला हवे' असे तुमचे मत असेल तर तेही मोकळेपणाने लिहा, आम्ही छापू. हा वाद आपल्यात व्हायलाच हवा. फक्त तो करताना ज्या बाईविषयी आपण बोलतो आहोत तिला खोलीबाहेर उभे करू नये.

लिलियानाला कोणी तिचे मत विचारले असते तर ती काय म्हणाली असती, हे मी इथे सांगू शकत नाही. तिच्या तोंडी शब्द घालणारे आधीच झाले आहेत, त्यांत माझी भर नको. आपल्या भागातल्या बायांचे शब्द मात्र अजून आपल्याला ऐकता येतात. त्या हयात आहेत, आपल्या शेजारी राहतात. रेशनच्या रांगेत आपल्यापुढे उभ्या असतात.

तुमच्या पत्रांची वाट पाहते.